टोकं आत

आमचे इनामदार सर 'अॅक्शन' म्हणायच्या आधी काय म्हणतात? "चपला मोजा." मालिकेतल्या घरात सहा माणसं, तर दाराबाहेर सहा जोड हवेत. कॅमेरा स्वयंपाकघरात असला तरी! आणि सगळ्यांची टोकं घराकडे. "टोकं बाहेर असली की माणूस निघालेला वाटतो," असं सरांचं म्हणणं. मग स्वतः येऊन मोजणार, "बरोबर" म्हणणार, तेव्हा कुठे दिवे लागणार.

त्या चपला सांभाळणारी मी. किनवटकडची, सातवीत शाळा सुटलेली. वारज्याच्या सेटवर आले ती कपड्यांना इस्त्री करायला. एकदा मालिकेतल्या सुनेची टिकली मघाशी लाल होती नि आता मरून आहे, हे मी घाबरत घाबरत बोलले. सरांनी माझ्या हातातली इस्त्री काढून घेतली आणि वही दिली. कुठल्या प्रसंगात कोणाच्या अंगावर काय, दारात काय, सगळं टिपायचं.

मी म्हटलं, "सर, माझं शिक्षण नाही हो."

"शिकलेली चार माणसं आहेत माझ्याकडे. एकालाही टिकली दिसली नाही."

त्या दिवसापासून गावाकडे मी 'टीव्हीत आहे'. आणि त्या दिवसापासून ही वही जाईल, या धास्तीत आहे.

सरांनी एके काळी तेरा भागांच्या मालिका केल्या. एकेक भाग महिनाभर घोटायचे म्हणे. आता आठवड्याला सहा. वाहिनीची पोरं फोनवर सांगतात, "सर, जरा फास्ट." सर म्हणतात, "आपण सुचवलंत म्हणून बरं. मी आडवा होणारच होतो."

मग आमचे आप्पा वारले. म्हणजे आप्पांचं काम करणारे नट दुसऱ्या वाहिनीवर गेले आणि तिथे कोणाचे तरी सासरे होऊन जिवंत झाले. तेराव्यानंतरचा पहिला प्रसंग. मी वहीत 'पाच जोड' लिहिलं आणि हातांनी सवयीनं सहा मांडले. सर आले. बोटानं मोजत आप्पांच्या कोल्हापुरीपाशी जरा थांबले. मला वाटलं, खोकला आला. "बरोबर," म्हणाले. दिवे लागले.

भाग दाखवला गेला आणि वाहिनीचा फोन. "मेलेल्या माणसाच्या चपला दारात? लोक हसतायत, सर! चूक कोणाची?"

"मीच ठेवायला सांगितल्या," सर म्हणाले. फोन ठेवला आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "उद्या सुट्टी आहे. सकाळी घरी या. बिबवेवाडीला. वही घेऊन."

वही घेऊन! मी काय ते समजले. चारचौघांत नको, म्हणून घरी. बसमध्ये 'सर, माफ करा' इतक्यांदा घोकलं की एक स्टॉप पुढे गेले. निदान इस्त्रीवर तरी परत घ्या, असं म्हणायचं ठरवलं.

दाराशी चप्पल काढली. तिथे दोन जोड होते. एक सरांच्या सँडलचा. दुसरा बायकी, निळ्या पट्ट्यांचा, पुसून लख्ख. नसीमाभाभी, म्हणजे सरांच्या पत्नी, जाऊन चार वर्षं झाली, हे सेटवर सगळ्यांना ठाऊक आहे. सर एकटेच राहतात.

दार उघडलं. सरांनी आधी खाली बघितलं.

"तीन. बरोबर. या."

मी घोकलेलं सुरू केलं, तर सर चहा ओतत म्हणाले, "वही काढा. दारात पाच लिहिलंय ना? खोडा. सहा करा. शेवटच्या भागापर्यंत सहा."

"पण वाहिनीवाले..."

"त्यांना मोजता येत नाही. तुम्हांला येतं."

मी घाईघाईनं पाच खोडलं. सहाचा आकडा गिचमिड झाला. "परत लिहा," सर म्हणाले. "घाई कोणाला आहे?"

निघताना पाय लागून तो निळा जोड फिरला. मी गडबडीनं नीट करायला वाकले. मागून सरांचा आवाज आला, सेटवर कधी ऐकला नव्हता इतका हळू.

"टोकं आत, हं."