बेगायिमचे झुबे

बेगायिमच्या कानात झुबे घालायचा दिवस पुढच्या रविवारचा ठरला होता. पण होणाऱ्या सासूबाई सायरागुल आपा या शनिवारीच सकाळी आल्या, दारातच बिस्मिल्ला म्हणाल्या आणि चहाला हात लावण्याआधी त्यांनी मुलीचे दोन्ही कान ताब्यात घेतले. चांदीचे झुबे, टोकाला पोवळं. मुलाच्या आईनं ते घातले की मुलगी त्या घरची झाली. मुलीनं ते काढले की सोयरीक मोडली. त्यासाठी वेगळा निरोप धाडावा लागत नाही.

"आपा, आठ दिवस आधीच?" बेगायिमच्या आईनं विचारलं.

"चांगल्या कामाला उशीर कशाला," असं म्हणून आपांनी नानचा तुकडा मोडला.

खरं कारण त्या नानमध्येच होतं. नान विकणाऱ्या झिबेकनं त्यांना सांगितलं होतं, की उद्या लांबच्या अल्माटी शहरातून एक माणूस बेगायिमला बघायला येतोय.

हे खोटं नव्हतं. माणूस येत होता, पण अल्माटीच्या महिला फुटबॉल संघासाठी बचावपटू निवडायला. बेगायिम नऊ वर्षं आपल्या नारीन गावच्या संघात बचावफळीच्या डाव्या बाजूला खेळत होती. वय सत्तावीस. असा माणूस नारीनला पुन्हा येईल तोवर आपले गुडघे साथ देणार नाहीत, हे तिला ठाऊक होतं. होणारा नवरा तिलेक म्हणाला होता, "तू हो पुढं, मी येतो मागून." त्याच्या आईला, आपांना, सांगायचं मात्र दोघांकडूनही राहून गेलं होतं.

रविवारी सामन्याआधी पंचबाईंनी सगळ्यांचे बूट तपासले, मग बेगायिमचे कान.

"काढ ते."

"काढले तर लग्न मोडतं, ताई."

"मलाही सासू आहे गं. पण नियमाला नाही."

"वरून चिकटपट्टी लावते."

"चालत नाही. काढ, नाहीतर बाहेर बैस."

"ज्या हातांनी घातले त्याच हातांनी काढले तर मोडत नाही," प्रशिक्षक नुरझात म्हणाली. असा रिवाज तिनं त्याच क्षणी काढला होता.

ते हात पहिल्याच रांगेत बसले होते. अल्माटीचा माणूस दिसतो तरी कसा, हे बघायला आपा आल्या होत्या. त्यांना खाली बोलावलं.

"त्याच्यापुढं मोकळ्या कानांनी जायचंय होय?" आपांनी हळूच विचारलं. त्या रागावल्या की त्यांचा आवाज आणखी खाली जाई.

"आपा, तो खेळ बघायला आलाय."

"सगळे आधी दुसरंच काहीतरी बघायला येतात. आम्ही तुमच्याकडं घोडा बघायला आलो होतो."

आपा काही झुबे काढेनात; बदलीला कोणी नव्हतं, म्हणून संघ दहाजणींनिशी उतरला. आपा थर्मास घेऊन बेगायिमशेजारी बाकावर बसल्या. सातव्या मिनिटाला डावीकडून नारीनवर गोल झाला. पंधराव्याला तिथूनच दुसरा.

आपांनी चाळीस उन्हाळे डोंगरावरच्या कुरणात मेंढरं राखली होती. त्यांना बसवेना.

"त्या बाजूला कोण आहे?"

"कोणी नाही. ती माझी जागा."

"उघडीच टाकलीय? लांडगा एकदा जिथून शिरला तिथूनच परत येतो, पोरी."

"हो ना, आपा."

तिसऱ्यांदा तिथूनच चेंडू आला आणि खांबाला लागून परतला. आपांनी कप खाली ठेवला.

"इकडं कर कान."

झुबे निघाले. खिशात ठेवणं बरं नाही, म्हणून आपांनी ते स्वतःच्या कानात अडकवले आणि दुआ मागून दोन्ही तळवे चेहऱ्यावरून फिरवले. "मोडलेलं नाही. माझ्याकडं ठेवलंय. जा."

नंतर डावीकडून कोणी शिरलं नाही. आपा रेषेबाहेरून मागंपुढं चालत होत्या. "चेंडूकडं बघू नको, तिच्या पायांकडं बघ," त्यांचं पुटपुटणं चाललं होतं. नारीननं दोन्ही गोल फेडले आणि सामना दोन-दोन असा सुटला.

वही घेतलेला माणूस बेगायिमकडं निघाला. आपा मध्ये उभ्या राहिल्या.

"कुठले तुम्ही?"

"अल्माटीचा. आम्हाला ही मुलगी हवीय, आपा. दोन वर्षांसाठी."

आपांनी आयुष्यात पुष्कळ सोयरिकी जमवल्या होत्या. असला निर्लज्जपणा पहिल्यांदाच ऐकला.

"आणि दोन वर्षांनी?"

"बघू. तिचा खेळ कसा राहतोय, त्यावर."

बेगायिमनं घाईघाईनं, एका दमात सगळं सांगून टाकलं. तिलेकसुद्धा येणार आहे, हेही. आपांनी कानातले झुबे चाचपले.

"म्हणजे काम काय, तर राखण?"

"हो."

"आणि त्याचा पगार देतात?"

"देतात."

"मी चाळीस वर्षं फुकट केली," आपा म्हणाल्या. मग त्या माणसाकडं वळल्या. "उन्हाळ्यात महिनाभर ही माझ्याबरोबर कुरणावर असेल. लिहा."

त्यानं लिहिलं.

बेगायिमनं झुब्यांसाठी मान पुढं केली.

"पुढचा सामना कधी?"

"बुधवारी."

"मग असू देत माझ्याच कानात. सारखी काढघाल कोण करणार."

घरी जाताना आपा झिबेककडं नान घ्यायला थांबल्या. झिबेकनं त्यांच्या कानांकडं पाहिलं. दोन नान कागदात गुंडाळून दिले आणि एक फुकटचा वर ठेवला.

सोमवारी दुपारच्या चहापर्यंत सगळ्या गल्लीला कळलं, की अल्माटीचा माणूस आला होता तो सायरागुल आपांसाठी, आणि त्यांनी होकार दिलाय.