पंगतीतले भिकूकाका

"मुलगा मुंबईत काय करतो हो?" असं कुणी विचारलं, की रत्नागिरीचे चिंतामणी मास्तर पडेल आवाजात सांगायचे, "सिनेमे कापतो."

वरद फिल्म एडिटर होता. आपलं काम बाबांना एकदा तरी कळावं, एवढीच त्याची इच्छा. २००१च्या मेमध्ये बहिणीचं, सुमेधाचं लग्न झालं आणि शूटिंगवाल्याने चार तासांची कॅसेट हातात ठेवली. वरदने त्याच्याच दुकानात बसून ती चाळीस मिनिटांवर आणली. आहेराची रांग गेली, जेवणारी तोंडं गेली. सुमेधा सासरी निघते तिथे तर त्याचे स्वतःचेच डोळे भरून आले.

नातेवाईक जमले. कॅसेट लागली, संपली. सगळे गप्प. वरदला वाटलं, गहिवरले.

"मी कुठाय?" आत्मारामकाकांनी विचारलं.

"काका, ते जरा लांबत होतं..."

"पहाटेच्या एसटीने हेदवीहून आलो, आहेराचं घंगाळ मांडीवर घेऊन! घंगाळपण कापलंस?"

मग मालनआत्याचं नवं लुगडं निघालं, मग आणखी कुणाचं काही. अहो, लग्नाची कॅसेट काय नवरानवरी बघायला लावतात? कोण आलं, काय नेसलं, कुणी किती जिलब्या हाणल्या, ते बघायला! मुंबईत राहून पोरगं एवढं साधं विसरलं.

"सगळ्यांना परत घाल," मास्तर म्हणाले. "माणसांना वाईट वाटतं रे."

ही बातमी लांज्याला पोचली आणि दुसऱ्या दिवशी भिकूकाका भर उन्हात कोट घालून दारात उभे. हे आत्मारामकाकांचे धाकटे भाऊ. बागेच्या गडग्यावरून, म्हणजे दगडी कुंपणावरून, दोघांचा अकरा वर्षांचा अबोला. दादा येणार म्हणून हे लग्नाकडे फिरकलेच नव्हते.

"मलाही घाल."

"काका, तुम्ही आलाच नव्हतात!"

"म्हणून तर सांगतोय. आलो असतो तर आपोआप नसतो दिसलो?"

आता बोला! शेवटी शूटिंगवाल्याला बोलावलं. अंगणात केळीचं पान मांडलं, मास्तरांनी स्वतः जिलबी वाढली. "तुळशीकडे बघून हसा," वरद म्हणाला. पंगतीत आत्मारामकाका वाढप्याकडे बघून हसले होते, तिथे त्याने हे हसू नेमकं बसवलं. नजरेला नजर जुळवायची हाताची सवय, दुसरं काय!

पुन्हा सगळे जमले. भिकूकाका कोपऱ्यात, आत्मारामकाका खुर्चीवर. पंगत आली.

"थांबव! मागे घे!" आत्मारामकाका ओरडले.

वरदने मागे घेतली. टीव्हीवर आत्मारामकाका मान वळवून प्रसन्न हसले. शेजारून भिकूकाकाही हसले.

"बघ मास्तर! मी सगळं विसरून याच्याकडे बघून हसलो. आणि हा अजून तोंड फिरवून बसलाय!"

लग्नाला न आलेले भिकूकाका ओशाळले. "चुकलंच, दादा," ते म्हणाले. "माझं लक्ष जिलबीकडे होतं."

"तुझं लहानपणापासून तसंच," म्हणत आत्मारामकाका खुर्चीवरून उठले आणि भिकूकाकांजवळ सतरंजीवर जाऊन बसले. मास्तर कितीतरी वेळ वरदकडे बघत राहिले. मग चष्मा काढून पुसायला लागले.

आठवड्याने पोफळीचं रोप मागायला नवे शेजारी आले. "मुलगा मुंबईत काय करतो?"

"सिनेमे जोडतो," मास्तरांनी रस्त्यापर्यंत ऐकू जाईल असं सांगितलं.