शेंदराखालची एकनळी

बंदूक उडत नव्हती आणि त्याचा राग चांगदेव पाटील सकाळपासून घरादारावर काढत होता. तळवलीची होळी त्याच्या एकनळीचा बार झाल्याशिवाय पेटत नसे. आजोबांपासूनचा मान होता तो. आणि नेमकी होळी तोंडावर आली असताना घोडा नुसता 'खट्' करून गप्प बसू लागला. त्यात समोरच्या ओट्यावर चुलतभाऊ जयदेव नवीकोरी दुनळी पुसत बसलेला.

"दादा, नाय जमला तं सांग. मी हाय."

"तू हायस, मंग मी काय मेलो?"

चांगदेवाच्या अंगाचा तिळपापड झाला. तो तडक होडीत बसला आणि ठाण्याला मुस्तफाशेठच्या बंदुकांच्या दुकानात पोचला. बंदूक मात्र घरीच ठेवली. देव्हाऱ्याशेजारची वस्तू बाजारात मिरवायची नसते, एवढं त्याला कळत होतं.

"घोडा पडला की काडतुसावर आपटते ती पिन गेली असेल," मुस्तफाशेठ म्हणाले. "कंपनी कंची?"

"कंपनी कसली? आमच्या आज्याची बंदूक हाय ती."

"आज्यानं घडवली नव्हती ना? पाटील, दर कंपनीची पिन वेगळी. नळीच्या बुडाशी छाप असतो. तो बघा, नायतर बंदूकच घेऊन या."

घरी येऊन बघतो तर छाप कुठला? दर दसऱ्याला तेलात कालवलेला शेंदूर फासून फासून बंदुकीचा पार मारुती झाला होता. चांगदेवाने कोयती उचलली, तशी बायको कमळी आडवी आली.

"देवाला खरवडता? हात झडतील."

"मान गेल्यावर हात काय चाटायचेत?"

शेवटी कमळीने नारळ फोडून देवाची माफी मागितली आणि चांगदेवाने रॉकेल लावून शेंदूर उतरवला. खाली इंग्रजी अक्षरं निघाली. ती वाचण्याच्या भानगडीत न पडता त्याने बंदूक गोणपाटात गुंडाळून ठाण्याला नेली.

मुस्तफाशेठनी छाप वाचला, खण उपसून त्याच कंपनीची पिन शोधली आणि जुनी बाहेर काढली. जुनी अगदी धडधाकट होती.

"मोडली नाय, पाटील. चिकटलीय. तिच्या भोकात शेंदूर घट्ट बसलाय."

"पूजेनं बंदूक बिघडते?" चांगदेव खवळला. "नवी पिन घाला. तुमी पिनीचं बघा, देवाचं आमी बघू."

नवी पिन बसली, घोडा झोकात पडू लागला. होळीच्या सकाळी चांगदेवाने लखलखीत बंदूक ओट्यावर ठेवली. येणारीजाणारी माणसं थबकत आणि विचारत, "ही कोनाची रं?" जयदेवाच्या दुनळीशेजारी ती दुकानातून उसनी आणल्यासारखी दिसत होती. चांगदेवालाच ते बघवेना.

"कमळे, हिला हिचं रूप दे."

कमळीच्या मनाला खरवडल्याचं लागलं होतंच. तिने दुप्पट शेंदूर कालवला आणि सांदीकोपऱ्यात अंगठ्याने दाबून दाबून भरला. दिवसभर उन्हात तो छान वाळला. संध्याकाळी सगळं गाव होळीभोवती जमलं, चांगदेवाने बंदूक आभाळाकडे रोखली आणि चाप ओढला.

खट्.

त्याने पुन्हा ओढला. पुन्हा खट्. मग जयदेवाच्या दुनळीचे दोन बार झाले आणि तळवलीची होळी पेटली.

दुसऱ्या दिवशी मुस्तफाशेठ दुकान उघडतात तो चांगदेव दारातच उभा. त्याने शेंदराने माखलेली बंदूक फळीवर आदळली.

"शेठ, खोटी पिन दिलीत. आज्याची इतकी वर्सं चालली, तुमची येक दिवस नाय."

मुस्तफाशेठनी बंदुकीकडे पाहिलं, चांगदेवाच्या शेंदरी हातांकडे पाहिलं, आणि रॉकेलची बाटली काढली.