सॅमिना लवूईचं बारसं

मंगळवारी संध्याकाळी लवू परब कामावरून लालबागच्या चाळीत परतला, तो टोपी खुंटीला न अडकवता हातातच धरून खोलीच्या मधोमध उभा राहिला. अंबिका स्टोव्हला पंप मारत होती. तिचा हात थांबला.

"काय झालं? नोकरी गेली?"

"नाय गो. नाव दिलं."

"कुणी दिलं? कुणाला?"

"रमाकांत सरांनी. माझं नाव. समुद्राच्या तळातल्या एका जिवाला."

अंबिकेनं स्टोव्हची हवाच सोडून दिली. लग्नाला अकरा वर्षं झाली होती आणि घरात पाळणा हलला नव्हता. 'परबांचं नाव कोण चालवणार?' हा प्रश्न चाळीतल्या बायका तिला प्रत्येक हळदीकुंकवाला विचारत, जणू तो विचारल्याशिवाय कुंकू कपाळाला चिकटतच नव्हतं. त्यामुळे नावाची गोष्ट निघाली की ती आधी दचकायची. या वेळी मात्र नवऱ्याचा चेहरा पाहून ती खाली बसली आणि म्हणाली, "नीट सांगा."

लवू एका कॉलेजच्या प्राणिशास्त्राच्या लॅबमध्ये शिपाई होता. कुठल्याशा आगबोटीनं खोल समुद्राच्या तळाचा चिखल उपसून आणला होता, त्याचं एक पिंप सरांच्या वाट्याला आलं. लवूनं चार महिने तो चिखल चाळणीवर धुतला. तांदळातला खडा वेचावा तसा त्यानं त्यातून एक पावलीच्या नाण्याएवढा चपटा तुकडा वेचून काढला. दुसरा कुणी असता तर कचरा म्हणून मोरीत सोडला असता. सरांनी तो तीन महिने भिंगाखाली पाहिला आणि जाहीर केलं, की हा जीव आजवर कुणी पाहिलेला नाही.

"एका पेशीचा जीव," लवू म्हणाला. "पेशी म्हणजे समज, एक खोली. आपल्यासारखंच एका खोलीचं बिऱ्हाड. तळाला वाळू असते, मेलेल्या किड्यांची टरफलं पडलेली असतात. ती गोळा करतो आणि स्वतःचं घर बांधतो. सॅमिना म्हणजे वाळूची. ते घराण्याचं नाव. आणि पुढं लवूई. म्हणजे लवूचा."

"लवूचा," अंबिका पुटपुटली. आणि लवूला अकरा वर्षांत पहिल्यांदा असं वाटलं, की आपण या बाईला काहीतरी आणून दिलं.

इथवर सगळं ठीक होतं. गोष्ट खोलीबाहेर जायला नको होती. पण चाळीच्या खोलीला भिंती असतात त्या नुसत्या कपाटं टेकवायला. शेजारचा कोंडीराम पाचच मिनिटांत दारात हजर झाला. कोंडीराम गिरणीत मागावर साचेवाला आणि बाकीचा वेळ समितीचा कार्यकर्ता. संयुक्त महाराष्ट्राच्या सभांच्या खबरा चाळीच्या फाटकातल्या फळ्यावर तोच लिहायचा.

"लवू, हे नाव कुठं कुठं चालतं?"

"सगळीकडं. लंडन, जपान, रशिया. एकदा छापून आलं की कुणाला बदलता येत नाय. असा कायदाच आहे त्यांचा."

"रशियातपण लवूच म्हणणार?"

"लवूच."

"आयला!" कोंडीरामानं मांडीवर थाप मारली. "आणि इथं आम्हाला विचारतात, मुंबई कुणाची! अरे, समुद्राच्या तळापर्यंत मराठी माणसाचं नाव लागलं!"

सकाळी फळ्यावर मजकूर झळकला: 'आपल्या चाळीच्या लवू परबांच्या नावाचा जीव समुद्रात. सर्व मराठी जनांस अभिमान.' दुपारपर्यंत जिवाचा मासा झाला. गिरणीची पाळी सुटेपर्यंत माशाचा देवमासा झाला, आणि तो लवूनं एकट्यानं धरला होता. मासळीवाली गंगुबाई पाटी उतरवून विचारू लागली, "कालवणाचा हाय का तळायचा? मी गिऱ्हाइकांना काय सांगू?" लवूनं घसा बसेपर्यंत सांगितलं, की तो पावलीएवढा आहे. पण लोकांनी ती त्याची विनयशीलता मानली.

खरी पंचाईत केली ती सुंदराबाईनं. ही लवूची थोरली बहीण, परळला राहणारी, आणि घराण्याच्या रीतिरिवाजांची हायकोर्ट. ती पिशवी घेऊनच आली.

"बारशाशिवाय नाव ठेवलां? असां खंय असता काय?"

"आक्का, ते सायन्सचं नाव आहे."

"सायन्साक आत्या असता? नाय ना? मगे! ह्या घरची आत्या मी. कानात नाव मी सांगतलंय, तेव्हाच ता नाव. अकरा वर्षां वाट बघलंय मी ह्या बारशाची."

शेवटचं वाक्य बोलताना तिचा आवाज जरा हलला. अंबिका पदराशी चाळा करत भिंतीकडे पाहत होती. लवूनं भिंतीवरचं कॅलेंडर उतरवलं. नाव मिळालेल्या मंगळवारपासून बारावा दिवस मोजला, तो शनिवार निघाला. कोंडीरामानं पाळणा मिळवला, घुगऱ्यांचे हरभरे भिजत पडले.

"पण पोर?" सुंदराबाईनं विचारलं. "पोर नाय, तर पाळण्यात काय तुझी टोपी ठेवू?"

आता लॅबमधला तो तुकडाच आणणं आलं. पण तसा तुकडा जगात एकच होता. सरांनी बजावून सांगितलं होतं, की ज्या नगावर नाव ठेवलं, तो नग म्हणजे नावाचा पुरावा. तो जन्मभर जपायचा. गेले काही दिवस तर सर त्याच्यासमोर तासन् तास बसत, हातात सुई घेत आणि पुन्हा खाली ठेवत. त्यांचं काहीतरी बिनसलं होतं. विचारायची लवूची छाती झाली नाही. शनिवारी लॅब अर्धा दिवस. सगळे गेल्यावर त्यानं कापसात ठेवलेली ती पुठ्ठ्याची डबी खिशात घातली. शनिवार ते सोमवार, कुणाला काय कळतं?

खोलीत मुंगी शिरायला जागा नव्हती. देवमासा पाहायला तीन चाळींची माणसं गॅलरीत लोटली होती. अंबिकेनं ठेवणीतलं हिरवं पातळ नेसलं होतं. लवूनं डबी पाळण्यात ठेवली तेव्हा पुढच्या रांगेतून कुणीतरी म्हणालं, "हा तर पापडाचा तुकडा!"

"लहान आहे अजून," अंबिका ताडकन म्हणाली.

सुंदराबाईनं डबीचं झाकण काढलं आणि वाकली. "लवू, ह्याचो कान खंय?"

"कान नाय, आक्का. तोंड नाय, पोट नाय. सगळं मिळून एकच पेशी."

"मगे सगळोच कान समजूया," असं म्हणून तिनं त्यावर ओठ टेकवल्यासारखे केले आणि सगळ्या चाळीला ऐकू जाईल असं कुजबुजली, "लवूई!" बायकांनी तिच्या पाठीत दणादण धपाटे घातले. अंबिकेचे डोळे भरून आले. लवूचेही आले, आणि त्यामुळंच पुढचं त्याला वेळेवर दिसलं नाही.

बारशात वरवंट्याला बाळासारखं नटवतात, पाळण्याच्या खालून-वरून फिरवतात आणि बाळाशेजारी निजवतात. बाळ दगडासारखं टणक व्हावं, एवढाच हेतू. सुंदराबाईनं कुंची घातलेला काळा वरवंटा रीतसर फिरवला आणि उघड्या डबीशेजारी निजवला. पाळण्याची झोळी मधोमध खचलेली होती. वरवंटा एकदा डुलला, कूस बदलली आणि डबीवर आडवा झाला. 'खर्र' असा आवाज आला.

लवूनं वरवंटा उचलला. कापसावर भुकटी होती आणि दोनचार चुरलेले तुकडे. मग सुंदराबाई मटकन खाली बसली आणि मोठ्यानं रडू लागली. अंबिका रडली नाही. तिनं डबीचं झाकण लावलं, ती लवूच्या हातात दिली आणि म्हणाली, "सरांना खरं सांगा. आपल्या नावाच्या पोराला खोट्यात नको."

सोमवारी लवूनं डबी सरांच्या टेबलावर ठेवली आणि पाळणा, आत्या, वरवंटा सगळं एका दमात सांगून टाकलं. शेवटी लॅबच्या किल्ल्यांचा जुडगाही ठेवला. सरांनी तो पाहिलाही नाही. त्यांनी चिमट्यानं एक तुकडा उचलला आणि भिंगाला डोळा लावला.

"लवू," ते भिंगातूनच म्हणाले, "वरवंटा कसल्या दगडाचा होता?"

"काळ्या, सर. सावंतवाडीचा. आईचा."

"इकडे ये. बघ."

लवूनं पाहिलं. वाळूच्या कवचाच्या आत फांद्या फुटलेली एकच नळी सलग गेली होती. मध्ये कुठंही भिंत नव्हती; सगळी मिळून एकच खोली.

"लेख लंडनला पाठवला होता, तिथून पत्र आलंय," सर म्हणाले. "तिथले तज्ज्ञ म्हणतात, हा एका पेशीचा जीव कशावरून? स्पंजाचा तुकडाही असेल. आतून दाखवा, नाहीतर नाव विसरा. आतून दाखवायचा तर फोडायला हवा. आठ दिवस सुई घेऊन बसलोय, माझा हात होईना." त्यांनी चष्मा पुसला. "तुझ्या बहिणीचं नाव काय म्हणालास?"

"सुंदराबाई."

"आभारात घालतो. किल्ल्या उचल. आणि पुन्हा काही न्यायचं झालं, तर मलाही बोलाव. घुगऱ्या मला आवडतात."

लेख छापून यायला दोन वर्षं लागली. त्याच सुमारास महाराष्ट्रही आला, मुंबईसह. कोंडीरामानं फळ्यावर दोन्ही बातम्या एकाच दिवशी एकाच आकाराच्या अक्षरांत लिहिल्या. लवूनं छापील पानावर अंबिकेचं बोट धरून तिरक्या अक्षरांवर ठेवलं आणि ती ते बोट बराच वेळ उचलेना. सुंदराबाईनं त्या वरवंट्यानं चटणी वाटणं सोडलं. तो आता सायन्साचो, असं ती सांगे.

पुढच्या संक्रांतीला चाळीत नव्यानं राहायला आलेल्या मीराबाईनं हळदीकुंकू लावता लावता अंबिकेला विचारलंच, "मुलंबाळं किती?"

अंबिकेनं पदर सावरला, मान ताठ केली.

"एक आहे."

"कुठं असतो?"

"समुद्रात. खोल पाण्यात. तिथंच स्वतःचं घर बांधून राहतो."

मीराबाईनं कुंकवाचं बोट तसंच हवेत धरलं आणि मोठा सुस्कारा सोडला.

"स्वतःचं घर! नशीब काढलंत हो. आमचे तिघं लग्नं करून अजून आमच्याच खोलीत आहेत."