सील शाबूत आहे!

"चोर? आणि माझ्या गाडीला? येऊ दे की! आला तर बिचारा रडत परत जाईल!"

कुलूपकाकांनी हे वाक्य त्या दिवशी सकाळपासून चौथ्यांदा म्हटलं. चौथ्यांदाही काकूंनी "हो का," एवढंच म्हणून मटार सोलणं चालू ठेवलं.

कुलूपकाका हे काही त्यांचं खरं नाव नव्हे. पण साऱ्या बिल्डिंगला खऱ्या नावाचा विसर पडून जमाना झाला होता. चौतीस वर्षं ते एका कारखान्याच्या गोदामाचे भांडारपाल होते. रोज संध्याकाळी गोदामाला कुलूप, कुलपावर कागदाची पट्टी, पट्टीवर तारीख, वेळ आणि लफ्फेदार सही. ह्याला ते सील म्हणत. सकाळी पट्टी फाटलेली दिसली, तर आत कोणीतरी शिरलं असं समजायचं. चौतीस वर्षांत पट्टी फाटली नाही आणि एक खिळा इकडचा तिकडे झाला नाही! नोकरी संपली, सवय काही संपेना. घरी आल्यावर त्यांनी बिस्किटांच्या डब्यालाही सील लावून पाहिलं होतं. त्यावर काकूंनी ते सील, तो डबा आणि काका ह्या तिघांबद्दल एकाच दमात असं काही मत दिलं की तो प्रयोग त्याच दुपारी बंद पडला.

मग उरली गाडी. ढवळी! पांढरी, सव्वीस वर्षांची, डाव्या दाराला बादलीएवढा पोचा पडलेली. ती घरी आली तेव्हा अख्खी गल्ली बघायला लोटली होती. त्या काळी गाडीला कुलूप लावायचं कुणाच्या मनातही येत नसे. काचा खाली ठेवून माणसं खुशाल दुकानात जात. एकदा तर शेजारच्या आजी चालून दमल्या म्हणून ढवळीच्या मागच्या सीटवर जाऊन आडव्या झाल्या, आणि काका त्यांना घेऊन थेट साडूच्या गावी पोहोचले! इकडे आजींच्या घरी रडारड, तिकडे आजी साडूच्या अंगणात चहा पिताहेत! त्या दिवसापासून काका गाडीला कुलूप लावू लागले. एक लावलं, मग दुसरं लावलं. आता स्टिअरिंगला लोखंडी दांडा, ब्रेकच्या पायपट्टीला कुलूप, दाराला कुलूप, आणि दाराच्या फटीवर डिंकाने चिकटवलेलं सील. शिवाय कापडी पिशवीत निरोप समारंभात मिळालेलं गोदामाचं पितळी कुलूप आणि साखळी. ती राखीव!

पण हल्ली काकांची झोप चोरांनी नव्हे, चिरंजीवांनी उडवली होती. गेल्या महिन्यात काकांनी दवाखान्याच्या पार्किंगमध्ये सुरक्षेसाठी बॅटरीची वायर काढून ठेवली. कुठे ठेवली ते आठवेना. मुलगा ऑफिस सोडून आला, मेकॅनिक आला, गाडी ढकलत नेली. वायर चार दिवसांनी काकूंच्या एक्स-रेच्या पाकिटात सापडली. त्याआधी पायपट्टीचं कुलूप अडकलं होतं, तेव्हाही मुलगाच आला होता.

"बाबा, आता तिसऱ्यांदा मला यायला लागलं ना, तर गाडी विकली म्हणून समजा. भंगारवाल्याशी बोलून ठेवलंय मी."

"भंगार? ढवळीला भंगार म्हणतोस? तुला परीक्षेला कोणी सोडलं रे?"

"ढवळीनेच. आणि दोनदा उशीर झाला."

तेव्हापासून काका आपला बंदोबस्त किती चोख आहे हे सिद्ध करायची एक संधी शोधत होते. आणि ती चालून आली! पेठेतल्या मोठ्या व्यापारी इमारतीच्या हॉलमध्ये दुपारी चार वाजता व्याख्यान: 'पार्किंगमधले गुन्हे आणि आपल्या वाहनाची सुरक्षा'. वक्त्या, निवृत्त फौजदारबाई.

"ऐकायला नाही चाललो," काकांनी काकूंना बजावलं. "त्यांना चार गोष्टी सांगायला चाललोय."

गाडी इमारतीच्या तळघरात लावली. काकांनी दांडा अडकवला, पायपट्टी बंद केली, दाराला कुलूप घातलं. मग डिंकाची बाटली आणि पट्टी काढली. पट्टी वाकडी चिकटली. ती सोडवली, दुसरी लावली. तारीख, वेळ तीन चाळीस, सही! मग खिशातली छोटी वही काढून जागेची नोंद केली: खांब नंबर १४.

"चला," काका हात चोळत म्हणाले. "आता इथे हत्ती आणा नाहीतर तोफ!"

व्याख्यानात फौजदारबाई चांगल्या खणखणीत बोलत होत्या. उंच बांधा, पांढरे केस, आणि नजर अशी की मागच्या रांगेतली माणसंसुद्धा पाय जवळ घेऊन बसली होती. काकांनी दोनदा हात वर केला. दोन्ही वेळा बाई म्हणाल्या, "प्रश्न शेवटी." मग त्यांनी विचारलं, "इथे बसलेल्या किती जणांच्या खिशात आत्ता गाडीची चावी आहे? हात लावून बघा बरं."

काकांनी हसतहसत उजव्या खिशात हात घातला. मग डाव्या. मग शर्टाच्या. मग काकूंच्या पर्समध्ये!

"अहो, काय करताय?"

"काही नाही. तू ऐक. आलोच!"

चावी गेली होती! एकटी नव्हे, दांड्याची, पायपट्टीची, पितळी कुलपाची, सगळा जुडगाच! खिसा कापला होता कोणीतरी. म्हणजे चोर आता खाली ढवळीजवळ पोहोचलासुद्धा असणार! काका पिशवी सावरत जिना उतरू लागले. गुडघे नको म्हणत होते, पण डोळ्यांपुढे चिरंजीव आणि भंगारवाला हातात हात घालून उभे होते. काका जिना संपेपर्यंत उतरले. धावत खांब नंबर चौदा गाठला. पांढरी गाडी जागेवर होती.

"सुटलो!" म्हणून त्यांनी खांबाला हात टेकला. आणि मग त्यांची नजर दाराकडे गेली. दारावर सील नव्हतं! आत डोकावून बघितलं, तर दांडाही नव्हता. चोरांनी सगळी कुलपं काढली होती! आता फक्त गाडी सुरू करायची बाकी होती!

काका गोदाम सांभाळलेला माणूस. घाबरून बसणाऱ्यांतले नव्हेत. त्यांनी पिशवीतली साखळी काढली, पुढच्या चाकातून ओवली, खांबाच्या लोखंडी कड्यातून घेतली, आणि पितळी कुलूप खट्‌दिशी दाबलं. मग खांबामागे लपून उभे राहिले.

दहा मिनिटांनी एक किडकिडीत गृहस्थ आले. इकडेतिकडे बघत त्यांनी खिशातून चावी काढली आणि डिकी उघडली.

"पकडला!" काकांनी मागून त्यांच्या दोन्ही बाह्या धरल्या. "कोण रे तू?"

"मी... नवरा," गृहस्थ कुजबुजले.

"कोणाचा?"

"गाडीवालीचा."

"गाडीवाली कुठली? गाडीवाला मी आहे!"

"मग मी..." गृहस्थ खरोखरच गोंधळले.

"कुजबुजतोस कशाला? चोरासारखा!"

"सवय आहे हो. चाळीस वर्षं ग्रंथपाल होतो."

आरडाओरडा ऐकून वॉचमन धावत आला. त्याने दोघांकडे आळीपाळीने बघितलं. दोघांचं वय मिळून दीडशेच्या घरात. कोणाला धरावं हे त्याला कळेना.

"काका, तुमच्या गाडीचा नंबर सांगा."

काकांनी घडाघडा सांगितला. वॉचमनने वाकून प्लेट वाचली. "ह्यावर तर दुसराच आहे."

"बघा! प्लेटसुद्धा बदलली!"

"तासाभरात?"

"टोळी असणार! आणि हे दार बघ. बादलीएवढा पोचा होता इथे. कुठे गेला? ठोकून सरळ केला! सीटची कव्हरंही नवी घातली!"

"चोरांनी?"

"विकायला नको का? चांगली दिसली तरच गिऱ्हाईक येईल ना!"

वॉचमन डोकं खाजवत राहिला. नोकरीची आठ वर्षं झाली होती त्याची. गाडी दुरुस्त करून जागेवर ठेवणारी टोळी त्याने अजून बघितली नव्हती. शेवटी त्याने खिशातून फोन काढला.

"काका, घरी कोणाला बोलावू? मुलगा वगैरे आहे का?"

"मुलाला नको!" काका एवढ्याने ओरडले की ग्रंथपाल दचकून गाडीला टेकले.

"बरं. मग साहेब, तुमच्या बाईसाहेबांना कळवू? गाडी त्यांचीच म्हणताय ना."

"तिला नको!" आयुष्यात पहिल्यांदा ग्रंथपालांचा आवाज चढला.

दोन म्हाताऱ्यांनी एकमेकांकडे बघितलं. काकांची पकड थोडी सैल झाली. चोर असला तरी माणूस संसारी दिसत होता.

"माहितीपत्रकं न्यायला आलोय," ग्रंथपाल काकुळतीने म्हणाले. "सकाळी तिने तीनदा सांगितलं होतं, आधीच वर नेऊन ठेवा. मी विसरलो. आता उशीर झाला तर..."

वाक्य पुरं व्हायच्या आत जिन्यावरून खणखणीत आवाज आला. "अहो! पत्रकं छापायला गेलात की काय?"

फौजदारबाई पुढे आणि त्यांच्या मागून काकू. काकूंनी जवळ येऊन गाडीकडे एकच नजर टाकली.

"अहो, ही आपली नव्हे. ही स्वच्छ आहे."

वॉचमनने फोन खिशात ठेवला. काकांनी ग्रंथपालांच्या बाह्या सोडल्या, आणि वर चुरगळलेल्या जागी हाताने इस्त्रीही केली.

"माझ्या गाडीच्या चाकाला साखळी कोणी घातली?" बाईंनी विचारलं.

"राखीव होती," काका पुटपुटले.

"किल्ली?"

"चोरीला गेली. तुम्ही खिसा बघायला सांगितलंत ना, तेव्हा कळलं."

बाईंनी काकांना आपादमस्तक न्याहाळलं. तीस वर्षं गुन्हेगारांची उलटतपासणी केलेली बाई, पण आवाज एकदम मऊ झाला. "काका, गाडी लावल्यावर जागा कुठे लिहून ठेवलीत का?"

"म्हणजे काय! ही बघा नोंद. खांब नंबर १४."

"आणि मजला?"

"मजला?"

"तळघराला दोन मजले आहेत. चौदा नंबरचा खांब दोन्हीकडे आहे."

काकांचा चेहरा उतरला. "आमच्या गोदामाला एकच मजला होता हो," ते अगदी बारीक आवाजात म्हणाले.

सगळी वरात तळघराच्या वरच्या मजल्यावर निघाली. खांब नंबर चौदापाशी ढवळी उभी होती. धुळीने माखलेली, पोच्यासकट, जशीच्या तशी! दाराच्या फटीवर पट्टी होती. तारीख, वेळ, लफ्फेदार सही, कुठे एक सुरकुती नाही. आणि पट्टीच्या खाली चार बोटांवर, दाराच्या कुलपात, सात किल्ल्यांचा अख्खा जुडगा लोंबत होता. डिंक लावायला दोन्ही हात लागतात, आणि पट्टी दोनदा लावावी लागली होती!

"बघा!" काकांना एकदम हुरूप आला. "सील शाबूत आहे!"

काकूंनी कपाळाला हात लावला. फौजदारबाई मात्र हसून हसून खांबाला टेकल्या. "काका, खरं सांगू? कोणी चोर आलाही असेल. पण एवढा बंदोबस्त आणि वर चावी लोंबतेय हे बघून त्याला वाटलं असेल, हा पोलिसांचा सापळा! पळाला असेल तो!"

"मी तेच म्हणतोय सकाळपासून," काका काकूंना म्हणाले.

साखळी सुटली. ग्रंथपालांनी काकांचा हात हातात घेऊन हळूच सांगितलं, "तुमच्यामुळे पत्रकांचा विषय बाजूला पडला. उपकार झाले." बाईंनी दाराचा एक फोटो तेवढा मागितला. पुढच्या व्याख्यानात दाखवायला.

"मुलाला कळायला नको," काका म्हणाले.

"नाव नाही, चेहरा नाही, गाडीचा नंबरही नाही. नुसतं दार घेते. मग तर झालं?"

घरी जाताना काका शीळ घालत होते. मुलाला यावं लागलं नव्हतं. ढवळी वाचली होती! बिल्डिंगखाली त्यांनी नेहमीच्या जागी गाडी लावली, सगळी कुलपं घातली, नवी पट्टी चिकटवली आणि वर आले.

"काय बाबा, कसं झालं व्याख्यान?" जेवताना चिरंजीवांनी विचारलं.

"ठीक होतं. बाईंना काही मुद्दे नवीन होते."

"असं?" मुलाने फोन ताटाशेजारी ठेवला. "उद्या आमच्या ऑफिसात एका फौजदारबाईंचं व्याख्यान आहे, म्हणून ग्रुपवर हा फोटो आलाय. खाली लिहिलंय, ह्या चित्रात सुरक्षेच्या किती चुका आहेत ते सांगा."

काकांनी चष्मा लावला. दार होतं. जुडगा होता. नाव नव्हतं, चेहरा नव्हता, नंबर नव्हता. पण पट्टीवरची सही बोटभर मोठी आणि झगझगीत दिसत होती. पहिलीपासून दहावीपर्यंत मुलाच्या प्रत्येक प्रगतिपुस्तकावर जी सही होती, तीच!

"चुका?" काका बराच वेळ फोटो न्याहाळत राहिले. "पट्टी सरळ आहे. तारीख बरोबर, वेळ बरोबर. मला तर एकही दिसत नाही."

मुलाने हात पुढे केला. "बाबा, चावी."

काकांनी मोठा सुस्कारा टाकला आणि उजव्या खिशात हात घातला. मग डाव्या. मग शर्टाच्या.

काकू उठल्या, गॅलरीत गेल्या आणि कठड्यावरून वाकून खाली बघितलं.

"आहे," त्यांनी तिथूनच सांगितलं. "दारालाच आहे."

"आणि सील?" काकांनी धीर करून विचारलं.