शेपटीच्या अर्थावरून पूर्वेचा पाट बंद जाहला त्याची हकिकत

श्री. ज्याने अक्षर निर्माण केले त्यास साष्टांग नमन, आणि ज्यांनी अक्षराचा अर्थ केला त्यांस दुरून नमन. शके सोळाशे आणि वर काही, पुढील आकडे कसर खाऊन गेली, आश्विनमास, ते समयी एका राज्यात, नाव सांगितल्यास चार थोर लोक रागे भरतील म्हणोन सांगत नाही, श्रीमंत महाराज गादीवर विराजमान असता पावसाने ओढ दिली आणि राजतलाव निम्मा राहिला. तलावास पाट दोन. पश्चिमेचा पाट शास्त्रीमंडळींच्या वस्तीत नारळी-पोफळीस जातो, आणि पूर्वेचा पाट खालच्या पेठेतून वाहात शेवटी गोजाबाई बारीण इचे पानमळ्यात संपतो. राज्यात पानमळा हा एकच. दोन्ही पाट भरून चालतील इतके पाणी नाही, तेव्हा काय करावे हा पेच पडला. पाणवठ्यावरील कोणीही बाई सांगती की दोहोंकडे निम्मे निम्मे सोडा. परंतु पाणवठ्यावरील बाई विद्वान नव्हती म्हणोन तीस कोणी पुसिले नाही, आणि मठातील आद्यग्रंथ काढून त्यात काय आज्ञा आहे ते पाहावे असे ठरले.

आद्यग्रंथ म्हणजे तीनशे सुटी पत्रे, खालीवर दोन फळ्या आणि वर तांबडे फडके. तीन पिढ्या तो कोणी वाचिला नव्हता. वाचणे हे उणेपणाचे समजत. थोर असत ते त्यावरील टीका वाचीत, अधिक थोर असत ते टीकेवरील टीका वाचीत, आणि सर्वांत थोर असत ते काहीच न वाचिता मान हालवीत. मात्र वर्षाकाठी आश्विनात ग्रंथास ऊन दाखवावे अशी चाल होती. त्याप्रमाणे मठकऱ्याने पत्रे अंगणात पसरिली, आणि शेजारीच मठाच्या गोठ्यातील गुरांच्या औषधांची पोथीही पसरिली, कारण कसरीस धर्म आणि गुरांचे औषध यांत भेद नाही, तीस दोन्ही सारखीच गोड. मग वावटळ आली आणि पत्रे अंगणभर जाहली. मठकऱ्याने धावाधाव करोन ती वेचिली, आणि आद्यग्रंथाची मोजून पाहतो तो तीनशेएक. एक अधिक भरले ही देवाची कृपा, असे समजोन त्याने फडके बांधिले आणि जेवावयास गेला.

ऐशियास चाळीस शास्त्री सभेत बसले. त्यांत पुढारी दोन. बाळंभट आठल्ये हे शब्दाचे अर्थ काढणारे, एका शब्दातून दहा अर्थ निघाल्यावाचून ते अन्नास शिवत नसत. आणि चिंतामणशास्त्री रिसबूड हे कोणती ओळ कोणत्या काळी कोणी घुसडिली हे सांगणारे. त्यांचे मते ग्रंथात अस्सल अशा ओळी साडेचार, आणि त्यांतील अर्धीवर त्यांचा संशय. उभयतांनी पूर्वदिशेचे माहात्म्य उघडिले, कारण पश्चिमेचे माहात्म्य उघडावे असे पश्चिमेस राहणाऱ्या एकासही सुचले नाही, आणि तेथेच ते वाढीव पत्र निघाले. त्याचा सारांश बाळंभटांनी सांगितला की, पूर्वेकडील लोकांचे ठायी गर्व जाहला आहे, सबब त्यांचे पाणी तोडावे, आणि ग्रंथात जी शेपटी म्हटली आहे ती म्हणजे पाटाचे शेवट, म्हणजेच पानमळा. चिंतामणशास्त्री बोलिले, "साफ खोटे. शेपटी हा शब्द मागाहून घुसडिलेला. ग्रंथकर्त्याचे काळी शेपटीचा प्रघात नव्हता. परंतु तीन दिवस पाणी तोडावे हे अस्सल, आणि ते दिवस देवांचे, म्हणजे आपली तीन वर्षे." मग उभय पक्षांत शेपटीवरून पाच दिवस ऐसे रण माजले की पागोटी सुटली आणि एका शास्त्र्याचा दात हालला. पाट बंद करण्याविषयी मात्र दोन्ही पक्षांचे एकमत राहिले.

त्या दरबारची चाल अशी की सभेतील प्रत्येकास विडा दिल्यावाचून निर्णय पक्का होत नाही. त्याप्रमाणे चाळीस पाने गोजाबाईच्या मळ्यातून मागविली. तिने कोवळी, हाताएवढी पाने स्वतः खुडून, ओल्या फडक्यात गुंडाळून पाठविली, आणि ती चघळीत चघळीत शास्त्र्यांनी तिच्याच मळ्याचे पाणी तोडिले. कलियुगात याहून सोईचे काम आम्ही पाहिले नाही. तिसरे दिवशी हुकुमावर महाराजांचा शिक्का जाहला आणि पाटकऱ्याने पाटाचे तोंडी फळी टाकिली. पानवेलीचे ऐसे असते की तीस आठ दिवस पाणी चुकले की ती मान टाकिते, मग देव आला तरी उठत नाही. तो मळा गोजाबाईच्या सासूने लाविला, आणि नवरा गेल्यावर त्याच मळ्यावर बाई उभी राहिली होती. ती डोईवर घागरी वाहती जाहली, कोसभरावरून, दिवसास वीस वीस. वेली सहाशे आणि डोके एक. मार्गशीर्ष सरता पाचशे नव्याण्णव वेली वाळल्या, आणि सासूच्या हातची पहिली वेल तेवढी राहिली, कारण उरलेले सर्व पाणी बाईने तीस घातले. खालच्या पेठेतील लोकांनी तीन अर्ज दिले. ते अर्ज शास्त्रीमंडळींकडे गेले, आणि अर्जाची अस्सल ओळ कोणती याचा विचार सुरू जाहला.

पुढे माघमासी दुसरी सभा बसली आणि तबके आली ती रिकामी. तीन मास पान नाही म्हणोन शास्त्री आधीच चिडलेले, त्यात निर्णय पक्का करावयास विडा नाही. महाराज पुसते जाहले, "पाने का नाहीत?" कारभारी बोलिले, "महाराज, मळा वाळला." "मळ्यास पाणी का नाही?" कारभारी भुईकडे पाहून बोलिले, "आपलाच हुकूम आहे." तेव्हा गोजाबाईस बोलाविले. ती आली. राजाकडे रित्या हाते जाऊ नये म्हणोन तिने त्या एका वेलीचे एक पान खुडून आणिले आणि तबकात ठेविले. मग उभी राहोन बोलिली, "म्हाराज, माझी एकच येल राहिली. ती बी चार दिसाची पावनी हाय. मला सिक्षा झाली ती भोगते, पर गिरंथात काय लिवलंय ते येकदा वाचून तरी दावा. अर्थ नगं. लिवलंय तेवढंच."

हे ऐकोन सभा चपापली. असे मागणे आजवर कोणी केले नव्हते. बाळंभट बोलिले, "बाई, नुसते लिहिलेले वाचिले तर अनर्थ होतो." महाराज बोलिले, "होऊ द्या." तेव्हा मठकऱ्याने वाचिले ते येणेप्रमाणे: पोट फुगले असता तीन दिवस पाणी तोडावे. ओवा आणि गूळ चारावा. शेपटी उचलून पाहावी. उतार पडल्यास चार पावले चालवावे.

गोजाबाई ऐकोन पत्राजवळ सरली. मग बोलिली, "ह्ये तर आमच्या पवळ्या बैलाचं औशीद. दोन सालामागं त्याचं पोट फुगलं, तवा मठाच्या गोठ्यातल्या वैद्यानं ह्येच वाचून दावलं. ववा नि गूळ चारला, बैल तिसऱ्या दिशी उठला. शास्त्रीबुवा, ह्या कागदापायी माझा मळा मारलात?" आणि तिच्या डोळ्यांस पाणी आले, ते तिने पदराने पुसिले. बाळंभट बोलिले, "अडाणी बाईस गूढार्थ कळत नाही." चिंतामणशास्त्री बोलिले, "बैल मागाहून घुसडिला आहे." महाराजांनी गोठ्यातील पोथी आणविली. तीत अकरा अंकाच्या पत्रापुढे एकदम तेरा, आणि ग्रंथातील त्या पत्राचे कोपऱ्यात बारा. चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात त्या पाहाव्या तर त्या सभेत. दोन्ही पक्ष तत्काळ एकमुखाने बोलिले की, यावरून गुरांची पोथी हा आद्यग्रंथाचाच हरवलेला खंड ठरतो, सबब ती संपूर्ण तपासून होईतो पाट बंदच असावा.

महाराज कंटाळले. त्यांनी त्या एका पानाचा विडा करविला, तबक सभेच्या मध्यभागी ठेविले आणि बोलिले, "ज्यास या लिहिण्याचा अर्थ कळला असेल त्याने विडा उचलावा, आणि अर्थाप्रमाणे वर्तावे. त्यास कोणी अडवू नये." विडा उचलील त्याने ते काम तडीस न्यावे, ही चाल सर्वांस ठाऊक. बाळंभट उठले, तो चिंतामणशास्त्री बोलिले, "प्रथम मान आमचा." मग मान कोणाचा, वय कोणाचे अधिक, कोणाचा गुरू कोणाच्या गुरूस हरला होता, यावर वाद पेटला. तो चालू असता गोजाबाई पुढे जाहली, विडा उचलिला, तोंडात घातिला आणि चालू लागली. बाई सभेबाहेर गेली हे शास्त्र्यांस फार उशिरा कळले. पाटावर पाटकरी आडवा येऊन बोलिला, "बाई, हुकूम दाखीव." तिने तोंड उघडून लाल जीभ दाखविली. बोलिली, "ह्यो घे सिक्का." पाटकऱ्यासही घरी दोन वेली होत्या, त्याही वाळल्या होत्या. त्याने बाजूस होऊन फळीस हात लाविला, दोघांनी ओढिली, आणि पाणी सुटले.

तात्पर्य. एका वेलीच्या फुटव्यांवरून मळा पुन्हा लाविला, त्यास दोन वर्षे लागली, आणि आता दोन्ही पाट निम्मे निम्मे चालतात. शास्त्रीमंडळींनी गुरांच्या पोथीवर सात टीका केल्या, गोठ्यातील बैल मात्र वैद्यासच दाखवितात. सभेस विडे पुन्हा मिळू लागले, परंतु चाळीस शास्त्र्यांस गोजाबाईकडून पाने एकोणचाळीसच येतात, दर सभेस, न चुकता. चाळिसावे का येत नाही, याचा गूढार्थ काय, कोणत्या काळापासून येईनासे जाहले, यावर सभा बसली आहे आणि दोन्ही पक्षांत कडाक्याचे भांडण चालू आहे. बाई पेठेत राहते, सभेच्या दिवशी तिचे तोंड लाल असते, घर सर्वांस ठाऊक आहे, परंतु तीस अद्याप कोणी पुसिले नाही.