मागे राहण्याची युक्ती

होलिस ट्रेडवेल दाढी करायला खुर्चीत बसला आणि क्लिओफस न्हाव्याने त्याच्या गळ्याभोवती कापड बांधायच्या आधी त्याचा हात हातात घेऊन जोरात हलवला, तेव्हाच त्याने उठून घरी जायला हवं होतं.

"इतके महिने गप्प बसलास," क्लिओफस म्हणाला. "आम्ही काय परके होतो?"

"कशाबद्दल बोलतोयस?"

"ऐका. म्हणे कशाबद्दल." क्लिओफसने बाकावर बसलेल्या मंडळींकडे कंगवा नाचवला. "शेजारच्या लॉन्ड्रीत तो बास्केटबॉलचा खेळ आहे ना, त्याच्या पडद्यावर जिंकणाऱ्यांची नावं येतात. पहिलं नाव बघा, दुसरं बघा, पार खालपर्यंत बघा. एच, ओ, एल. अख्ख्या गॅरी गावात होलिस नावाचा दुसरा माणूस आणून दाखवा, मी त्याची जन्मभर फुकट दाढी करतो."

तो खेळ होलिसने लांबून पाहिला होता. कपाटाएवढं मशीन, त्यात एक पडदा, खाली चार खेळणाऱ्यांसाठी प्रत्येकी एक दांडी आणि तीन बटणं. नाणं टाकायचं, की पडद्यावर दोघांविरुद्ध दोघे असा सामना सुरू. त्यातले खेळाडू घराच्या छपराएवढी उडी मारत, एकमेकांना ढकलून पाडत आणि कोणी लागोपाठ तीन बास्केट केल्या तर चेंडू चक्क पेट घेई. जिंकणाऱ्याने शेवटी आपल्या नावाची तीन अक्षरं टाकायची. होलिसने त्यातल्या एकाही दांडीला कधी बोट लावलं नव्हतं.

ते त्याला तिथल्या तिथे सांगता आलं असतं. पण होलिसला एक खोड होती. शाळेत असताना तो बास्केटबॉलच्या संघात होता, म्हणजे संघाच्या बाकावर होता. पुढे पोलाद कारखान्यात क्रेन चालवता चालवता, वर्षागणिक तो बाक मैदानाकडे सरकत गेला आणि आता क्लिओफसच्या दुकानात सगळ्यांची अशी समजूत होती, की गुडघा दुखावला नसता तर होलिसने शाळेला राज्याचं अजिंक्यपद मिळवून दिलं असतं. असा माणूस "छे, मी नाही" कसं म्हणणार?

"वेळ जात नाही म्हणून खेळतो कधीमधी," तो म्हणाला.

"कधीमधी म्हणे. बरं, पलीकडच्या हॅमंड गावात एक पोस्टमन आहे, डेझमंड प्युरीफॉय. त्या खेळात त्याला अजून कोणी हरवलेलं नाही. मी त्याला शनिवारी सकाळी बोलावलंय, तुझ्याशी खेळायला."

"मला न विचारता?"

"तू नाही म्हणणार होतास का?" क्लिओफसने आरशाकडे बोट केलं. आरशाच्या वर मोठ्या अक्षरांत लिहिलेला कागद डकवला होता. त्यावर होलिसचं नाव होतं आणि त्याखाली 'गॅरीची शान' असं.

संध्याकाळी जेवणाच्या टेबलावर होलिसने बायकोजवळ तोंड उघडलं. एटा ट्रेडवेल शाळेच्या कचेरीत काम करायची आणि रविवारी चर्चमध्ये पांढरे हातमोजे घालून दाराशी उभी राहायची, आलेल्यांना जागेवर नेऊन बसवायला. तिथे बायका एकमेकींना 'सिस्टर' म्हणत. एटाने नुसती भुवई उंचावली तरी मागच्या रांगेतली कुजबुज थांबत असे.

"कोणीतरी लफंगा माझं नाव लावून फिरतोय," होलिस म्हणाला आणि सगळी हकिकत सांगितली.

एटा त्याच्या ताटात भाजी वाढत होती. तिचा चमचा हवेतच थांबला.

"लफंगा?"

"मग काय म्हणू? दुसऱ्याच्या नावावर खेळणारा."

"होलिस," ती शांतपणे म्हणाली, "तो लफंगा मी आहे."

होलिसने मक्याच्या पावाचा तुकडा खाली ठेवला.

"असा बघू नकोस. घरातलं कपडे धुण्याचं मशीन तू हिवाळ्यात उघडलंस, मीच दुरुस्त करतो म्हणालास. अजून त्याचे भाग गॅरेजमध्ये पसरलेत. तेव्हापासून मी दर शनिवारी लॉन्ड्रीत जाते. कपडे धुऊन सुकेपर्यंत करायचं काय? मासिकं सगळी जुनी. एकदा एक नाणं टाकून बघितलं."

"आणि जिंकलीस?"

"छे. सपाटून हरले. म्हणून तर पुन्हा टाकलं."

"पण माझं नाव कशाला टाकायचं?"

"माझं टाकलं असतं तर? पाद्रीसाहेबांनी भर सभेत सांगितलंय, ही मशीनं म्हणजे सैतानाची बैठक. सिस्टर ओडेसा क्रम्प तर चर्चमधले झगे त्याच लॉन्ड्रीत धुते. ती आली की मी चटकन विणकाम काढते. तुझं नाव टाकलं तर कोणाला काय वाटणार होतं? तू कधी चर्चला येतोस?"

होलिसने वेगळाच मार्ग पकडला. "तू खेळ ना शनिवारी."

"सगळ्या गावासमोर? त्या क्रम्पबाईसमोर? नाव काढू नकोस. आणि हे कोणाला सांगायचं नाही. शब्द दे."

होलिसने शब्द दिला. "मग मला शिकव तरी."

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दोघं स्वच्छ धुतलेल्या कपड्यांचं गाठोडं घेऊन ते पुन्हा धुवायला लॉन्ड्रीत गेले. सिस्टर क्रम्प नाही हे खिडकीतून पाहून एटाने पर्स काखेत दाबली आणि ती मशीनसमोर उभी राहिली. होलिस तिच्याकडे बघतच राहिला. पडद्याकडे रोखलेली तिची नजर हलत नव्हती, खांदे सैल होते, आणि बोटं अशी चालत होती जणू ती पियानोवर एखादं पाठ असलेलं गाणं वाजवतेय. समोरचा चेंडू घेऊन झेपावला की हिचा माणूस आधीच तिथे हजर.

"हे लाल बटण म्हणजे जोर," ती म्हणाली. "सगळे ते दाबूनच धरतात. आपण नाही धरायचं. सगळं गाणं वरच्या सुरात गायलं की शेवटच्या कडव्याला घसा बसतो, तसं होतं. चोरायचा चेंडू असेल तेव्हाच दाबायचं, लगेच सोडायचं, म्हणजे जोर पुन्हा भरतो."

"आणि बास्केट?"

"उडी पार वर पोचली की चेंडू सोडायचा. पॅनकेक उलटतोस ना, तसं. जरा आधी तर कच्चा, जरा उशीर तर करपला."

"मी पॅनकेक कधी उलटलेत?"

"तेच तर. आणि समोरच्याच्या लागोपाठ दोन बास्केट झाल्या ना, की सगळं सोडून त्याला अडवायचं. तिसरी पडली की चेंडू पेटतो, मग तो तुझ्या बापाचं ऐकत नाही." एटाने इकडेतिकडे बघितलं आणि आवाज खाली आणला. "आता खरी गोष्ट. मागे राहायचं."

"म्हणजे?"

"एका बास्केटने मागे राहायचं, मुद्दाम. या मशीनला मागे असलेल्याची दया येते. त्याचे वाकडेतिकडे फटकेही आत जातात आणि पुढे असलेल्याचे सरळ फटके बाहेर. मी कित्येक शनिवार बघितलंय."

"मग जिंकायचं कधी?"

"अगदी शेवटी. जिंकायला एकदाच पुढे असावं लागतं."

मागे राहण्यात होलिस पहिल्या दिवसापासून वाकबगार निघाला. पुढे येणंच त्याला जमेना. रोज संध्याकाळी तेच कपडे धुतले जात होते, होलिसच्या निळ्या शर्टाचा रंग पार उडाला, पण त्याच्या हातून बास्केट होईना. क्रेनच्या दांड्या सावकाश, तोलून हलवायची त्याच्या हातांना सवय. शुक्रवारी एटाने हात टेकले. "तू बास्केटखाली उभा राहा आणि नुसत्या उड्या मार," ती म्हणाली. "तेवढंच तुला येतं."

शनिवारी सकाळी होलिसने उजव्या हाताला कोपरापर्यंत पट्टी गुंडाळली आणि चेहरा पाडून लॉन्ड्री गाठली. आत पाय ठेवायला जागा नव्हती. क्लिओफसने दुकानच बंद करून सगळं गिऱ्हाईक सोबत आणलं होतं. कपडे धुवायच्या मशीनांवर माणसं बसली होती. कोपऱ्यात झग्यांची टोपली मांडीवर घेऊन सिस्टर ओडेसा क्रम्प होती, आणि तिच्यापासून चार खुर्च्या सोडून एटा, विणकाम करत.

"कारखान्यात लागलं," होलिस हात दाखवत म्हणाला. "माझी फार इच्छा होती हो. पण आता पुढे कधीतरी."

डेझमंड प्युरीफॉय हा उंच, सालस तरुण होता. त्याला खरोखर वाईट वाटलं. "अरेरे, काका. तुमच्याबद्दल इतकं ऐकलंय. असं करू, मीही एकाच हाताने खेळतो. माझा उजवा बांधून टाका."

"याला म्हणतात मन," क्लिओफस म्हणाला आणि त्याने गळ्याला बांधायचं कापड काढून डेझमंडचा हात पाठीशी बांधला.

आता होलिसला निसटायला वाव राहिला नाही. त्याने एकदा एटाकडे बघितलं. एक वाक्य बोलला असता तर तो सुटला असता. पण शब्द दिला होता. तो मुकाट्याने मशीनपुढे गेला, डाव्या हाताने दांडी धरली, आणि बटण दाबायला हात उरला नाही म्हणून कोपराने बटण दाबून पाहिलं. मागे कोणीतरी हसलं. मग ते हसूही थांबलं, कारण होलिसच्या मानेवर घाम आलेला सगळ्यांना दिसला.

विणकामाच्या सुया खाली ठेवल्याचा आवाज झाला.

"बाजूला हो," एटा त्याच्याजवळ येऊन म्हणाली. "आणि ती पट्टी सोड. दिसतोस कसा." मग तिने मंडळींकडे तोंड केलं. "त्या पडद्यावरचं नाव यांचं आहे. खेळ माझा आहे. कोणाला काही म्हणायचं असेल तर नंतर म्हणा. क्लिओफस, त्या मुलाचा हात सोड."

क्लिओफसचं तोंड उघडं राहिलं. सिस्टर क्रम्पच्या मांडीवरची टोपली घसरली. एटाने तिच्याकडे बघितलंच नाही. "होलिस, तू माझा जोडीदार. जागा ठाऊक आहे ना?"

"बास्केटखाली. उड्या."

डेझमंडने जोडीला मशीनचाच खेळाडू घेतला आणि सामना सुरू झाला. पहिली बास्केट डेझमंडची, दुसरी एटाची, तिसरी पुन्हा डेझमंडची. मग एटाने चेंडू घेतला आणि ती नुसती इकडून तिकडे पळवत बसली. डेझमंडच्या भुवया वर गेल्या. त्याने चेंडू हिसकावला, आणि तोही पळवत बसला.

"फेक की रे," मागून कोणी ओरडलं.

डेझमंड फेकेना. एटाने चेंडू परत चोरला, बरोबरी केली, आणि मग दोघंही एकमेकांना चेंडू जवळजवळ देऊ लागले. 'आधी तुम्ही', 'छे छे, आधी तुम्ही' असं लग्नाच्या जेवणात चालतं तसं.

"मावशी," डेझमंड पडद्यावरची नजर न काढता हळूच म्हणाला, "तुम्हालाही ठाऊक आहे तर."

"मला वाटलं मला एकटीलाच ठाऊक आहे," एटा म्हणाली.

"मलाही तसंच वाटायचं."

मंडळी वैतागली. हा कसला सामना, असं क्लिओफस म्हणाला. कोणी काय तर कोणी काय सुचवू लागलं. वेळ संपत आला, गुण सारखे, आणि एवढ्यात चेंडू कसा कोण जाणे होलिसच्या खेळाडूकडे आला. मागून सगळे एका सुरात म्हणाले, "मार." होलिसच्या हातांनी आठवडाभरात पहिल्यांदा वेळ साधली. उडी पार वर पोचली, चेंडू सुटला, आणि अलगद जाळीत पडला.

लॉन्ड्री दणाणली. होलिसने हात वर केले. एटाने डोळे मिटले.

"काय केलंस हे," ती म्हणाली.

आता डेझमंड मागे होता आणि मशीनला त्याची दया आली. त्याने लांबून चेंडू फेकला, तो कडेवर आपटून आत. बरोबरी. एटाचा सरळ फटका बाहेर गेला. डेझमंडने पुन्हा फेकला, आत. दोन झाल्या होत्या. पण आता एटा मागे होती. तिने डोळे उघडे ठेवून, अर्ध्या मैदानावरून, सगळ्यांना वेडेपणा वाटावा असा चेंडू भिरकावला. तो फळीवर लागला, कडेवर नाचला आणि आत पडला. लांबचा फटका, म्हणून दोनऐवजी तीन गुण. एटा एका गुणाने पुढे, आणि घड्याळात जेमतेम एका झेपेएवढा वेळ.

डेझमंडने झेप घेतली. ही पडली असती तर सगळं संपलं होतं. "होलिस," एटा म्हणाली, "उडी."

होलिसने उडी मारली. पडद्यावर तर मारलीच, पण जागेवर स्वतःही मारली. चेंडू त्याच्या खेळाडूच्या हातावर आपटून बाहेर गेला आणि भोंगा वाजला.

त्यानंतर लॉन्ड्रीत काय झालं ते सांगण्यात अर्थ नाही, कारण काही ऐकूच येत नव्हतं. डेझमंडने टोपी काढून एटासमोर मान झुकवली. "तो शेवटचा फटका मी मारला नसता," तो म्हणाला. "धीरच झाला नसता." आणि तो मनापासून म्हणाला.

गर्दी बाजूला सारत सिस्टर ओडेसा क्रम्प पुढे आली. एटाने पदरी पडेल ते सगळं सोसायची तयारी करून पाठ ताठ केली. सिस्टर क्रम्पने आधी मशीनकडे बघितलं, मग एटाकडे, मग दाराकडे.

"सिस्टर ट्रेडवेल," ती म्हणाली, "ते लाल बटण तुम्ही मधेच का सोडत होता?"

एटाने तिच्या चेहऱ्याकडे नीट निरखून पाहिलं. मग पर्समधून नाणं काढलं. "इकडे या," ती म्हणाली. "दांडी अशी धरायची. सैल."

थोड्याच वेळात तिथे रांग लागली. पुढे क्रम्पबाई, मागे डेझमंड, त्याच्यामागे क्लिओफस, दुकान उघडायचं विसरून. ट्रेडवेलांचे कपडे कधीच सुकून मशीनमध्ये गरम होऊन पडले होते. असेच राहिले तर चुरगळतील हे दुसऱ्या कोणाच्या लक्षात येईना, तेव्हा होलिसने ते बाहेर काढले आणि टेबलावर घड्या घालायला घेतल्या. मोजे झाले, टॉवेल झाले, चादरीपाशी तो अडला.

तेवढ्यात एक अनोळखी बाई कपड्यांची पिशवी घेऊन आत आली. गर्दी बघून दारातच थबकली.

"काय चाललंय हो इथे?"

"माझी बायको खेळतेय," होलिस म्हणाला.

"चांगली खेळते वाटतं?"

होलिसने घसा साफ केला. क्लिओफसच्या खुर्चीत बसून गोष्ट सुरू करताना तो नेहमी करायचा तसाच.

"चादरीचं ते टोक जरा धरा," तो म्हणाला. "पहिल्यापासून सांगतो."